आत्याबाईंना धबधबा दाखवावा का?



बारामतीजवळच्या कन्हेरी गावाहून एका सूनबाईंचे पत्र आले होते. त्यांच्या सासूबाई, ज्यांना त्या आपल्याकडील रीतीप्रमाणे आत्याबाई म्हणतात, वयाने ७८ वर्षांच्या आहेत. गुडघे दुखतात, रक्तदाब आहे, मधुमेह आहे, हृदयाची ताकद काहीशी उणावल्यामुळे रोज सकाळी लघवीची गोळी घ्यावी लागते. आजवर त्यांनी कधी कोणाकडे काही मागितले नाही. या पावसाळ्यात नातवाच्या मोबाइलवर कोसळता धबधबा पाहून मात्र त्या म्हणाल्या, ‘हे एकदा डोळ्यांनी बघायचं राहिलं.’ धाकटा मुलगा म्हणतो, उचलून नेऊ. थोरला म्हणतो, या वयात हे खूळ कशाला, काही झाले तर जबाबदार कोण? आणि सूनबाई दोघांच्या मधे उभ्या आहेत. काही कमीजास्त झाले तर बोल आपल्याच माथी येणार, हे त्यांनी लिहिलेले नाही. पण पत्राच्या ओळीओळीतून ते जाणवत होते.

ज्यांचे सारे आयुष्य कोकणात किंवा घाटमाथ्यावर गेले, त्यांना ही इच्छा क्षुल्लक वाटेल. बारामती-इंदापूरचा पट्टा हा पर्जन्यछायेचा प्रदेश आहे. सह्याद्रीच्या माथ्यावर महाबळेश्वरी पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो, तेव्हा इकडे वर्षभरात पाचशेच्या आसपास पडला तरी लोक समाधानाने मान डोलावतात. नीरा डाव्या कालव्याने या तालुक्यात ऊस आणला हे खरे. परंतु कालव्याचे पाणी पाळीने येते आणि सगळ्यांच्या बांधापर्यंत येतेच असे नाही. आत्याबाई १९७२ च्या दुष्काळात ऐन पंचविशीत होत्या. त्या पिढीतील बायकांनी दुष्काळी कामांवर खडी फोडली, सुकडीवर मुले जगवली, हंडाभर पाण्यासाठी विहिरीच्या तळाशी उतरल्या. पाणी म्हणजे मोजून वापरायची वस्तू हेच ज्यांच्या हाडीमाशी खिळले आहे, त्यांना कोणी न मोजता कोसळणारे पाणी पाहावेसे वाटणे यात खूळ कोणते?

तेव्हा मी त्यांना उत्तर कळवले ते असे: न्यावे. मात्र सहलीला निघाल्यासारखे न्यायचे नाही, लग्नकार्याची करतो तशी आखणी करून न्यायचे. आणि दहा पावले उरलेली असतानाही माघारी फिरण्याची तयारी मनाशी ठेवायची.

हा सावधपणा मी पुस्तकातून शिकलो नाही. अनेक वर्षांपूर्वी मी माझ्या वडिलांना महाबळेश्वरी लिंगमळ्याचा धबधबा दाखवायला घेऊन गेलो होतो. त्यांनाही लघवीची गोळी चालू होती. वाटेत वारंवार गाडी थांबवावी लागेल, सुनेसमोर संकोच होईल, म्हणून त्यांनी कोणालाही न सांगता दोन दिवस ती गोळी घेतलीच नाही. धबधबा पाहून झाला, छायाचित्रे निघाली, आणि रात्री दोनच्या सुमारास ते अंथरुणात उठून बसले. आडवे झाले की दम लागत होता. उजाडेपर्यंत खिडकीशी उशांचा लोड करून त्यांना बसवून ठेवले, औषध दिले, आणि सकाळी गाडी थेट रुग्णालयाच्या दाराशी नेली. ते बरे झाले. परंतु डॉक्टर असूनही ‘बाबा, गोळी घेतली ना?’ हा एक प्रश्न मला सुचला नव्हता, याची बोच आजही जात नाही.

म्हणून या सदरात वाटेच्या वर्णनाआधी गोळ्यांविषयी लिहितो. प्रवासाच्या दिवशी ज्येष्ठ मंडळी, विशेषतः स्त्रिया, दोन गोष्टी गुपचूप करतात. गोळी चुकवतात आणि पाणी पिणे बंद करतात. दोन्हींचे कारण एकच, वाटेत स्वच्छतागृह मिळेल की नाही याची धास्ती. पाणी न प्यायल्याने चक्कर येते, रक्तदाब उतरतो, मूत्रमार्गाचा संसर्ग बळावतो. गोळी चुकवल्याने पाय सुजतात, दम लागतो. यावर उपदेश करून काही साधत नाही. संकोचाचे मूळच काढावे लागते. आपल्या डॉक्टरांना आठवडाभर आधी विचारावे, की प्रवासाच्या दिवशी ही गोळी पहाटेऐवजी उशिरा घेतली तर चालेल का? पुष्कळांच्या बाबतीत वेळ मागेपुढे करता येते. पण ते ठरवायचे डॉक्टरांनी, आपण नव्हे. वाटेत कोठे कोठे थांबायचे हे आधी ठरवून आत्याबाईंना तोंडाने सांगून ठेवावे. ‘फलटणला थांबू, साताऱ्यात थांबू’ एवढे ऐकले की त्या पाणी पितील. प्रौढांसाठी मिळणारी शोषक चड्डी वापरण्यातही लाज वाटण्यासारखे काही नाही. ती मुलाने नव्हे, सुनेने किंवा लेकीने पिशवीत ठेवावी, इतकेच.

मधुमेहाच्या गोळ्यांचे दुखणे याच्या उलट आहे. गोळी वेळेवर घेतली आणि घाटातल्या खोळंब्यात जेवण लांबले, तर साखर उतरते. घाम फुटणे, हात थरथरणे, बोलण्यात विसंगती येणे ही तिची लक्षणे आहेत. ‘दमली असेल’ म्हणून ती सोडून देऊ नयेत. तीन-चार चमचे साखर पाण्यात विरघळवून लगेच द्यावी, आणि थोड्या वेळाने काही खायला द्यावे. दशम्या, राजगिऱ्याचा लाडू, केळे असे काहीतरी हाताशी हवे, गाडीच्या डिकीत नव्हे.

आता धबधबा कोणता, ते पाहू. कन्हेरीहून निघून त्याच दिवशी परतता यावे, भिजावे न लागता पाहता यावे आणि बांधीव वाट असावी, या तीन अटी घातल्या की सातारा जिल्ह्यातील ठोसेघर हेच नाव पुढे येते. भोरवरून महाडकडे उतरणाऱ्या वरंध घाटात पावसाळ्यात रस्त्यालगतच पाणी कोसळते, हे मला ठाऊक आहे. नीरेच्या खोऱ्यातला तो मुलूख अतिशय देखणा आहे. पण तिथे दरडी कोसळतात, रस्ता मधूनच बंद होतो, आणि घाटात अडकून पडलेल्या गाडीत ७८ वर्षांच्या बाईंना तासन्‌तास बसवून ठेवणे मला पटत नाही. ज्या धबधब्यांखाली तरुण मंडळी न्हायला जातात, तिथे तर ज्येष्ठांना नेऊच नये. माथ्यावर झालेला पाऊस खाली दिसत नाही, पाणी एकाएकी चढते, आणि त्या वेळी धावता येणारेच बाहेर पडतात.

ठोसेघरला मात्र पाणी दुरून पाहायचे असते. दरीच्या एका अंगाला उभे राहून समोरच्या कड्यावरून पडणारी धार पाहण्यासाठी कठडे घातलेला सज्जा आहे. तिथवर झाडीतून बांधीव वाट आणि पायऱ्या आहेत. जाताना उतार, येताना चढ, हे मात्र ध्यानात ठेवावे. उतरताना सगळ्यांनाच सोपे वाटते. खरी परीक्षा परतताना होते. म्हणून जितके उतरवेल तितके उतरायचे नाही, जितके चढवेल तितकेच उतरायचे.

कन्हेरी ते ठोसेघर अंतर सुमारे ११५ किलोमीटर पडते. बारामतीहून फलटण, तिथून आदर्की आणि वाठार स्टेशनवरून सातारा, आणि साताऱ्याच्या बोगद्यातून सज्जनगडाच्या वाटेने वर. थांबत थांबत गेल्यास चार तास धरावेत. शेवटचा साताऱ्यापासूनचा टप्पा वीस-पंचवीस किलोमीटरांचा आणि वळणावळणांचा आहे. ज्यांना गाडी लागते त्यांना पुढच्या आसनावर बसवावे, दूरवर नजर ठेवायला सांगावे, पोट अगदी रिकामेही नको आणि भरलेलेही नको. गाडी लागू नये म्हणून औषधाच्या दुकानात सहज मिळणाऱ्या गोळ्या मात्र ज्येष्ठांना विचारल्याशिवाय देऊ नयेत. त्यांनी गुंगी येते, तोल जातो, आणि ज्या पुरुषांची प्रोस्टेट ग्रंथी वाढलेली आहे त्यांची लघवी अडू शकते. एका साध्या गोळीपायी परतताना थेट रुग्णालयात नळी घालावी लागलेले आजोबा मी पाहिले आहेत.

वाटेत सज्जनगड लागतो. समर्थ रामदासांची समाधी तिथे असल्याने ‘आलोच आहोत तर’ असा मोह घरातल्या कोणाला तरी हटकून होतो. गडावर पायऱ्या चढून जावे लागते. एका दिवशी दोन्ही नकोत. वाहनतळावरून हात जोडावेत. समर्थांना त्याचे वाईट वाटणार नाही.

दिवस कोणता धरावा? आषाढ-श्रावणात पाणी दांडगे असते. पण धुकेही तेवढेच, आणि पायऱ्यांवर शेवाळ धरलेले. सप्टेंबरचा उत्तरार्ध आणि ऑक्टोबरचा आरंभ मला ज्येष्ठांसाठी उत्तम वाटतो. पाऊस ओसरलेला असतो आणि धार अजून जिवंत असते. फक्त शनिवार-रविवार टाळावेत, कारण त्याच दिवसांत कासच्या पठारावर फुले पाहायला सारा महाराष्ट्र साताऱ्यात लोटतो. आधीचे दोन दिवस हवामान खात्याचा इशारा पाहावा. नारिंगी किंवा लाल इशारा असेल तर बेत पुढे ढकलावा, आणि ढकलल्याबद्दल कोणी कोणाला टोमणे मारू नयेत.

निघण्यापूर्वी पंधरवडाभर सराव हवा. कन्हेरीकरांना त्यासाठी दूर जायला नको. गावालगत वन विभागाचे क्षेत्र आणि वनोद्यान आहे. (कन्हेरीचा मारुती म्हटला की बाहेरच्यांना निवडणुकीच्या प्रचाराचा नारळच आठवतो; गावाला ही झाडीही लाभली आहे, हे कोणी सांगत नाही.) तिथे सकाळी काठी घेऊन चालावे. आरंभी दहा मिनिटे, मग पंधरा, मग वीस. सोबतच्या माणसाशी बोलत बोलत वीस मिनिटे सपाटीवर चालता आले, आणि एक मजला जिना न थांबता चढता आला, तर ठोसेघरच्या पायऱ्यांचा विचार करावा. बोलता बोलता वाक्य तुटू लागले तर वरच्याच एखाद्या जागी बसून पाहण्याचा बेत करावा. ज्यांच्या छातीत अलीकडे दुखले, ज्यांना रात्री उताणे निजता येत नाही, ज्यांचे नुकतेच एखादे मोठे ऑपरेशन झाले किंवा जे महिन्याभरात एकदा पडले आहेत, त्यांनी हे वर्ष सोडून द्यावे.

पायऱ्यांचा एक जुना नियम आहे: चढताना चांगला पाय आधी, उतरताना दुखरा पाय आधी. काठी दुखऱ्या गुडघ्याच्या विरुद्ध हातात धरायची. बहुतेक लोक नेमकी उलट धरतात. काठीच्या टोकाचे रबर झिजले असेल तर ते बदलून घ्यावे; त्याला फारसा खर्च नाही, आणि मोडलेल्या खुब्याचा खर्च मी इथे लिहीत नाही. चष्मा दुहेरी भिंगाचा असेल तर खालच्या, वाचायच्या भिंगातून पायरी धूसर दिसते. मान खाली घालून वरच्या भिंगातून पाहण्याची सवय आधी घरच्या जिन्यावर करावी. मोतीबिंदू असलेल्यांना ओला दगड आणि शेवाळलेला दगड यांतला फरक ओळखू येत नाही. त्यांच्यासाठी सोबत्याने पुढची पायरी तोंडाने सांगत जावी. पायांत मागे पट्टा असलेली, खरबरीत तळाची पादत्राणे हवीत. साध्या चपला नकोत, आणि मधुमेह्यांनी तर श्रद्धेपोटीही अनवाणी चालू नये. तळव्याची जाणीव कमी झालेली असते, काटा रुततो आणि तो आठ दिवसांनी कळतो. नऊवारी नेसणाऱ्यांनी नेसण थोडी वर खोचून घ्यावी, ओला काठ पायात येतो.

सोबत्यांनो, तुमच्यासाठीही थोडेसे. ज्येष्ठांचा हात आपण गच्च पकडून ओढू नये. आपला कोपर पुढे करावा आणि त्यांनी तो धरावा, म्हणजे वेग त्यांच्या हाती राहतो. चढताना आपण एक पायरी मागे, उतरताना एक पायरी पुढे. दोन माणसे हवीत. एकाने फक्त आत्याबाईंकडे पाहायचे, त्याने छायाचित्रे काढायची नाहीत. हे काम आळीपाळीने करावे, नाही तर घरच्या सुनेलाच ते दिवसभर पुरते आणि धबधबा सगळे पाहतात, तिच्याशिवाय.

जंगल ओले असते, म्हणून जळवांची भीती पुष्कळ जणी विचारतात. जळू लागली तर घाबरण्याचे कारण नाही. नखाने हळूच सरकवून काढावी आणि जागा धुऊन दाबून धरावी. मात्र रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असतील तर रक्त बराच वेळ झिरपत राहते, याची कल्पना असावी. त्याहून मोठा शत्रू गारठा आहे. उतारवयात अंगातली ऊब लवकर जाते आणि थंडी वाजल्याची जाणीवही उशिरा होते. एक कोरडा कपड्यांचा जोड, कानटोपी, स्वेटर आणि थर्मासात गरम पाणी असावे. ओले लुगडे अंगावर वाळू देऊ नये. श्रवणयंत्र डबीत काढून ठेवावे. पाण्याच्या गर्जनेत त्याचा उपयोग नाही, आणि तुषारांनी ते बिघडते. पण मग खुणांनी बोलायचे हे आधी ठरलेले असावे: हात वर म्हणजे थांबा, छातीवर हात म्हणजे परत फिरा.

आणि ती खूण झाली की परत फिरायचे. छातीवर दडपण, नेहमीहून अधिक दम, डोळ्यांपुढे अंधारी, एकाएकी आलेला घाम, यांपैकी काहीही झाले तर जागीच बसवावे, आणि ‘थोडंच राहिलंय’ हे शब्द कोणीही उच्चारू नयेत. रुग्णवाहिकेसाठी १०८ हा क्रमांक आहे. परंतु डोंगरात मोबाइलला नेहमीच आवाज लागत नाही, म्हणून कुठपर्यंत लागतो हे येताना पाहून ठेवावे. जवळचे मोठे सरकारी रुग्णालय साताऱ्यातच आहे. औषधांची नावे, मात्रा आणि डॉक्टरांचा दूरध्वनी लिहिलेला कागद आत्याबाईंच्या कनवटीला असावा, मुलाच्या मोबाइलमध्ये नव्हे.

एवढे सगळे मी त्यांना लांबलचक पत्राने कळवले. हा लेख छापायला जाण्याआधी सूनबाईंचे दुसरे पत्र आले. एका मंगळवारी ते जाऊन आले. थोरले चिरंजीवही बरोबर होते. काठीचे नवे रबर त्यांनीच आणून बसवले म्हणे. लघवीची गोळी डॉक्टरांनी संध्याकाळवर नेली होती.

ते पोहोचले तेव्हा दरी धुक्याने काठोकाठ भरलेली होती. पाणी दिसेना, नुसता आवाज. नातू हिरमुसला, थोरले घड्याळ पाहू लागले. आत्याबाई सज्जापर्यंत गेल्याच नाहीत. अलीकडेच एका ठिकाणी, सतरंजीची घडी घालून, टेकून बसल्या. चाळीस मिनिटे बसल्या. मग वारा फिरला, धुके फाटले आणि समोरच्या कड्यावर पांढरी रेघ उमटली. ती किती वेळ दिसली हे सूनबाईंना सांगता येत नाही. त्या आत्याबाईंकडे पाहत होत्या, कारण पाळी त्यांची होती. धुके पुन्हा मिटल्यावर आत्याबाई आपणहून म्हणाल्या, ‘चला, चढायचंय.’

गाडीत त्यांनी एकच गोष्ट विचारली. हे पाणी आपल्याकडे येते का? कोणालाच सांगता आले नाही, म्हणून सूनबाईंनी मला विचारले आहे. तर आत्याबाईंना सांगा: ठोसेघरचे पाणी कृष्णेला जाते. आपल्या कालव्यात येते ते नीरेचे, भोरकडच्या डोंगरांतले. भाटघर आणि वीरच्या धरणांत साठून ते खाली उतरते. नीरा पुढे इंदापूर तालुक्यात नरसिंहपूरला भीमेला मिळते, आणि भीमा कर्नाटकात रायचूरजवळ कृष्णेला. म्हणजे त्यांनी पाहिलेले पाणी आणि दारचे पाणी एकत्र येते, पण फार पुढे.

सूनबाईंनी स्वतः धबधबा नीट पाहिलेला नाही, हे त्यांच्या पत्रावरून स्पष्ट आहे. थोरल्या चिरंजीवांनी ऑक्टोबर संपण्याआधी एक मंगळवार आणखी काढावा. त्या खेपेस आत्याबाईंकडे त्यांनी पाहावे.